कोच टॅकेट रेडिओवर बोलतात

अमेरिकन फुटबॉलचा कोच असलेल्या वेंडेल टॅकेटला त्याच्या कॉलेजने सव्वीस वर्षं डोक्यावर घेतलं आणि लागोपाठ तीन मोसम हरल्यावर घरी बसवलं. बायको लोर्ना म्हणाली, "बरं झालं! आता तरी जेवताना मीठ-मिरीच्या बाटल्यांची फळी मांडणार नाहीस." पण घरी बसून माणूस पार खचला हो. मग केंटकीतल्या त्याच्या गावच्या रेडिओने विचारलं, समालोचन करता का? एक सामना करून दाखवा, जमलं तर कायमचं.

आणि नशीब बघा, सामना त्याच्याच पोरांचा! मैदानावरच्या काचेच्या खोलीत वेंडेल नुसता माइकची वायर सरळ करत बसला. शेजारी हार्लन, जन्मात कधी गप्प न बसलेला निवेदक. "बोला की कोच! दातखीळ बसली का?"

खाली रॉयस उभा होता, वेंडेलचा जुना सहायक, आता स्वतः कोच. त्याने टोपीला हात लावून कोपर चोळलं. वेंडेलच्या तोंडून निघून गेलं, "डावीकडे फेकणार." चेंडू डावीकडेच गेला. हार्लन खुर्चीतून उडाला. त्यात नवल ते काय? खुणा वेंडेलनेच बसवलेल्या, आणि आळशी रॉयसने एकही बदलली नव्हती.

वेंडेलला चेव चढला. धडाधड चार डाव आधीच सांगून टाकले. मग त्याची नजर पाहुण्या संघाच्या बाकामागे गेली. तिथले लोक कानाला ट्रान्झिस्टर लावून बसलेले. हा बोलला की ते ओरडायचे, आणि त्यांचे खेळाडू नेमके तिकडे धावायचे. अरे देवा, आपणच आपल्या पोरांचा गळा कापतोय!

तो हवापाण्यावर बोलू लागला. लगेच रेडिओचे मालक पर्व्हिस दारात. "हवामान कोण विचारतंय? डाव सांगा, नाहीतर उद्यापासून येऊ नका."

शेवटचं अर्धं मिनिट. पोरं चार गुणांनी मागे. रॉयसने टोपीला हात लावला, कोपर चोळलं.

"कुठे, कोच?" हार्लनने विचारलं.

"उजवीकडे."

बाकामागे एकच आरडाओरडा झाला. पाहुणे सगळे उजवीकडे पळाले आणि डावीकडे मोकळ्या मैदानात पोराने चेंडू झेलून शेवटच्या रेषेपार नेला. टचडाउन, सहा गुण! सामना जिंकला. वेंडेलला रडू आवरेना.

पर्व्हिस लालबुंद होऊन आत आले. "तुम्हाला खेळ कळत नाही, की मुद्दाम खोटं बोललात? पाहुणे तक्रार घेऊन आलेत. रॉयसशी संगनमत असेल तर निकाल रद्द करा म्हणतात. मला लेखी उत्तर द्यायचंय."

वेंडेलने खाली पाहिलं. पोरं रॉयसला खांद्यावर घेऊन नाचत होती. सव्वीस वर्षं गावाने आपल्याला कोच म्हटलं ते एकाच गोष्टीसाठी, हे त्याला पुरतं ठाऊक होतं.

"लिहा," तो म्हणाला, "टॅकेटला खेळ कळत नाही."