जुन्या मापाचा झगा

कापडाच्या दुकानात कुणी हातरुमालाएवढा तुकडा मागितला, तरी मोठीबाई त्याच्यापुढे वीस ताग्यांचा ढीग घालायची. मालकाच्या कपाळाला आठ्या पडत, पण गिऱ्हाईक तिच्यासाठीच येतं हे त्यालाही ठाऊक होतं. बाई अंगाने दांडगी, आवाजाने त्याहून दांडगी, आणि अंगावर दुकानातलं सगळ्यांत भडक कापड. ओट्यावर मशीन टाकून बसलेला शिंपी तीस वर्षं तिचे झगे शिवत होता. "माझ्या एका झग्यात तुमचे दोन निघतील," असं ती गिऱ्हाइकांना सांगायची आणि स्वतःच खदाखदा हसायची.

मग दुखणं आलं. वर्षभरात बाई निम्मी झाली, औषधांच्या सुजेने चेहरा तेवढा गोल राहिला. डॉक्टरांनी हात टेकले.

एक दिवस ती कापड घेऊन शिंप्याकडे आली. "धाकटा येतोय, आठ वर्षांनी. चार दिवसांसाठी. जुन्या मापाचा शिव आणि आतून कापूस भर."

धाकटा म्हणजे भाऊ. आई गेल्यावर हिनेच त्याला लहानाचा मोठा केला होता.

"बाई, हे काही बरं नाही. त्याला खरं सांगा."

"म्हणजे तो नोकरी सोडून उशाशी रडत बसेल. चार दिवस मला त्याच्याशी हसायचंय. तू शिंपी आहेस की वकील?"

कुणाला काही न सांगण्याचं वचन देऊन शिंप्याने वहीतलं जुनं माप काढलं. पण पहिल्या खेपेला मेल्याने गादी भरावी तसा कापूस ठासला. मापाचा विचार केला, ते वजन पेलायचं कुणी याचा केलाच नाही. बाईला खुर्चीतून उठवेना. त्याने सगळं उसवलं, कापूस पिंजून हलका केला आणि दंडापासून कमरेपर्यंत बारीक टाके घालत पुन्हा बसवला. असं काम त्याने जन्मात केलं नव्हतं.

भाऊ आला. बाईने त्याच्यापुढे दुकानातले तागेच्या तागे उलगडले. "ताई, तू काही बदलायची नाहीस," तो म्हणाला. शिंप्याला तेव्हा अभिमानच वाटला, खोटं कशाला बोला.

दुसऱ्याच दिवशी भाऊ बॅग घेऊन ओट्याशी उभा.

"निघालो, काका. ताई आजारी आहे असं कुणीतरी कळवलं होतं, म्हणून धावत आलो. ती तर ठणठणीत आहे. तिकडे कामाचा डोंगर पडलाय. पुढच्या वर्षी येतो, चांगला महिनाभर राहतो."

"ताईने अडवलं नाही?"

"छे. म्हणाली, जा की, मी कुठे पळून चाललेय?"

शब्द शिंप्याच्या अगदी ओठांवर आले होते. पण बाईला वचन दिलं होतं. "सावकाश जा," एवढंच तो बोलला.

दुपारी तो तिच्या घरी गेला. बाई झगा घालूनच पलंगाच्या कडेला बसली होती.

"गेला?"

"गेला."

ती बराच वेळ बाहीवरचे टाके चाचपत राहिली.

"इतका चांगला कशाला शिवलास रे?" ती म्हणाली.