तिसऱ्यांदा मेलेला राक्षस

कळवण्यास अत्यंत दुःख होते की, आमचे शेजारी दत्तूकाका रविवारी दुपारी पुन्हा एकदा मारले गेले.

घाबरू नका, काका माझ्या शेजारीच बसले होते. मेला तो टीव्हीवरचा राक्षस. जुन्या पौराणिक सिनेमांत काका आयुष्यभर राक्षसच झाले. माणसं कमी पडायची, म्हणून एकाच लढाईत मरायचे, मिशी बदलायचे आणि पलीकडून पुन्हा मरायला यायचे.

रविवारी मात्र काका पडद्याकडे बघतच नव्हते. ते काकूंकडे बघत होते. वर्षभरात काकू सगळं विसरत गेल्या. नवऱ्याला 'अहो' म्हणणं सुटलं. आता 'कोण आपण?' विचारतात. निदान तरुणपणचा, शिंगांखालचा चेहरा तरी ओळखतील, एवढ्याच आशेवर काकांनी सिनेमा लावला होता.

"तो बघ, मी. आणि हा आला ना, हाही मीच!" काका बोटाने दाखवत होते. काकू ढिम्म.

घरच्याच माणसाला ओळखू यायला किती वेळा मरायचं, असं माझ्या मनात येतंय तोच तिसरी गदा बसली. राक्षस धाडकन कोसळला आणि काकू खुर्चीतून पडद्याकडे झेपावल्या.

"अगंबाई! अहो, लागलं का हो?"