नलिनीताईंनी घेतलेला हशा

मुलांनो,

नलिनीताई लग्नाला गेल्या की आहेराची दोन पाकिटं द्यायच्या. एक नवऱ्याच्या नावाचं, एक नवरीच्या. कोणी हसलं तर म्हणायच्या, "करदाते दोन, पाकिटं दोन. यात अवघड काय आहे?"

आमच्या कॉलेजात त्या अर्थशास्त्र शिकवायच्या, मी इंग्रजी. कुटुंबावरचा प्राप्तिकर हा त्यांचा खास विषय. वर्तमानपत्रांत लिहायच्या, सरकारी समित्यांवर जायच्या. बजेटनंतरच्या सभेत त्यांना ऐकायला लोक दाराशी उभे राहत.

"नवरे फार प्रेमळ असतात हो," त्या म्हणायच्या. "मार्च आला की बायकोला पगार सुरू करतात."

असा पगार दाखवून नवऱ्यानं कर वाचवू नये, म्हणून तेव्हाही एक नियम होता. नवऱ्याच्या धंद्यात बायकोला पगार मिळाला आणि तिचं त्या कामाचं रीतसर शिक्षण नसेल, तर तो पगार नवऱ्याच्याच उत्पन्नात धरायचा. नलिनीताई या नियमाच्या खंद्या समर्थक.

तुमची आई शाळेत होती, त्या सुमाराची सभा. मागच्या रांगेतून एक बाई उठल्या. नारायण पेठेत त्यांच्या नवऱ्याचं दोरे-बटणांचं दुकान होतं.

"दुकान मीच बघते, खरेदीसुद्धा. यंदा ह्यांनी पगार दिला, तर वकील म्हणतात तो माझा धरत नाहीत. मग मी दिवसभर करते ते काय?"

"आपलं शिक्षण?" नलिनीताईंनी विचारलं.

"सातवी."

"बटणांत?"

अख्खं सभागृह हसलं. बाई पदर सावरत खाली बसल्या.

परतताना नलिनीताई लकडी पुलावर थांबल्या. मग म्हणाल्या, "प्रश्न बरोबर होता गं. मला उत्तर येत नव्हतं, म्हणून हशा घेतला."

आठवड्यानं मला घेऊन त्या दुकानात गेल्या. गल्ल्यावर नवरा होता, अस्तराचा रंग शोधताना पार गोंधळलेला. "ती आता बसत नाही दुकानात," तो म्हणाला आणि आत हाक मारली, "अगं, त्या सभेतल्या बाई आल्यात!"

त्या हात पुसत आल्या. नलिनीताई म्हणाल्या, "माझं चुकलं. तुमचं काम ते कामच. पुन्हा बसा दुकानात."

"छे हो! तुमचं बरोबरच होतं. मला काय कळतंय त्यातलं? केवढा तुमचा मोठेपणा, इथवर आलात!" आणि त्या चहा टाकायला आत गेल्या.

पुढे नलिनीताई त्या नियमाविरुद्ध बोलू लागल्या. एका चर्चेत समोरच्या गृहस्थांनी टोमणा मारला, "आपणच तर उलटं सांगत होतात!" "होते. चुकीचं सांगत होते," म्हणून त्या पुढच्या मुद्द्याकडे वळल्या. समित्यांची बोलावणी हळूहळू कमी झाली. नारायण पेठेतून मात्र त्या मुद्दाम जायच्या. गल्ल्यावर नवराच असायचा.

शेवटच्या आजारात मी त्यांना म्हटलं, "अहो, भरसभेत चूक कबूल करणारं दुसरं माणूस मी पाहिलं नाही. आता सोडा तो विषय."

"गंमत केली ती त्या बाईंनी खरी मानली," त्या म्हणाल्या. "आणि खरं बोलले, तर तो माझा मोठेपणा ठरला. आता आणखी काय सांगायला हवं होतं, तू सांग."