इंडोनेशियातल्या सुनेचा भाऊ

आमच्याकडे गोष्ट सांगणाऱ्याला हुंकारा लागतो. ऐकणाऱ्यानं दर वाक्याला ‘हं’ म्हणायचं. हुंकारा थांबला की गोष्ट थांबली. घरात गोष्टी सांगणारा मी. म्हणजे तसं मीच समजतो. मी पन्नाशीला येईपर्यंत बायको मधूनच उठून जायला लागली, मुलगी ‘बाबा, हे तिसऱ्यांदा’ म्हणायला लागली. हुंकारा द्यायला उरली एकटी म्हातारी आत्या, आणि तीही गुडघ्यांनी पळू दिलं नाही म्हणून.

एका दुपारी सौंसरकडच्या बगीच्यातून संत्र्यांचा तोडा आटोपून पांढुर्ण्याला घरी आलो. अंगात जीव नव्हता. आतून आत्याचा आवाज आला, ‘हं... हं... मंग?’ मी हातपायही न धुता तिच्या खाटेवर बसलो आणि आजोबांच्या हरवलेल्या बैलापासून सुरुवात केली.

‘थांब नं बाबू,’ आत्या म्हणाली, ‘सून रडून राहिली.’

हुंकारा मोबाइलला चालला होता. उभ्या चित्रात डोक्यावर रुमाल बांधलेली एक सून, एक सासू; दीड मिनिट रडणं, की भाग संपला. मुलीनं सांगितलं, इंडोनेशियाचं आहे, तिकडे आता टीव्ही मागे पडला, लोक मालिका फोनवरच पाहतात.

‘आत्या, तुले ह्यातलं का समजते?’

‘सासू समजते.’

तिसऱ्या दिवशी मात्र ती अडली. सून बॅग घेऊन निघाली होती. ‘कुठं चालली? तू शिकलेला, सांग.’

त्या भाषेतलं मला अक्षर कळत नव्हतं. पण समोर हुंकारा तयार होता. म्हटलं, भावाकडे चालली. झालं, रोज भाऊ आणावा लागला. त्याला मिरचीचं शेत दिलं, बहिणीला न्यायला नावेत बसवलं. दिवसभर बगीचा आणि संध्याकाळी इंडोनेशिया. जेवताना डोळे मिटायचे.

शेवटी मुलीला माझी दया आली. तिनं तीच मालिका हिंदीत शोधून दिली. आत्यानं दोन दिवस निमूट पाहिली. मी तिच्या खोलीकडे फिरकलो नाही. आता ही माझं काहीच खरं मानणार नाही, आजोबांचा बैलही नाही, याची धास्ती होती.

तिसऱ्या दिवशी हाक आली.

‘ह्याच्यात भाऊच नाही.’

‘नाही.’

‘मंग तू काऊन आणला?’

‘सुचला.’

तिनं फोन पालथा ठेवला. ‘भावाशिवाय मजा नाही त्याच्यात. नावेत बसला होता. मंग?’

मला खरंच आठवेना, तो कुठवर आला होता ते. ‘आत्या, आज लय थकलो गं.’

‘मंग आडवा हो. ऐक.’

मी आडवा झालो. तिनं एका वाक्यात भावाला किनाऱ्यावर उतरवलं आणि थेट सासूपुढे नेऊन उभं केलं. मी त्याला अजून आठ दिवस पाण्यातच ठेवलं असतं.