सरदाराच्या तोंडच्या दोन ओळी

सातवी अर्धी टाकून मी रत्नागिरीकडून वर्ध्याला छापखान्यात आलो, तेव्हा वर्धा मध्य प्रदेशात होतं. पत्रावर पत्ता लिहून घेताना आई दरवेळी विचारी म्हणे, तिकडे मराठी बोलतात का? बोलत होते. पण ती कानात बसायला मला सहा महिने लागले, आणि तोवर मी बहुतेक गप्पच राहिलो.

अक्षरांचे शिशाचे खिळे जुळवायला मला शेजारच्या वयस्क जुळाऱ्याने शिकवलं. सगळे त्यांना काका म्हणत. हस्तलिखितातलं एक वाक्य वाचायचं, डोक्यात धरायचं, आणि बोटं अक्षरांच्या खणांवरून धावत असताना दुसरं काही मनात आणायचं नाही. मालकांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, लेखकाचा नसलेला एक शब्द लावलास तर गावची गाडी धरायची. घरी परतायला मला तोंड नव्हतं. लावलेली ओळ मी तीन-तीनदा वाचायचो.

त्या हिवाळ्यात एका प्राध्यापकांचं पुस्तक आलं. एका रोमन इतिहासकाराने सरहद्दीपलीकडच्या टोळ्यांविषयी लिहिलेलं, ते त्यांनी मराठीत आणलं होतं. ते लोक काय खातात, कसे राहतात, मग रोमची फौज तिथवर कशी पोचली. लढाईआधी टोळीचा सरदार आपल्या माणसांपुढे उभा राहून रोमनांना असं काही सुनावतो, की माझा हात थांबला.

"काऊन रे कोकण्या, झोपला का?"

मी काकांना ते पान वाचून दाखवलं.

"हे लिवलं कोनं? त्याच्या मानसानं?"

"नाही. रोमन माणसानंच."

"म्हंजे जिकनारा लिवते अन् हारनारा बोलते? वा बाप्पा!" ते हसले. "चाल, हात चालव. मले जेवाले उशीर होते."

चार दिवसांनी प्रूफ परत आलं. सरदाराच्या भाषणात दोन ओळींभोवती लाल वर्तुळ, बाजूला शेरा: 'हे माझे नाही. जुळाऱ्यास पाठवावे.' सरदार म्हणत होता, दूर गेलेल्याची आई संध्याकाळी पायरीवर येऊन बसते, तिला काय सांगू? कधी लावलं, मला आठवेना. पण पायरी आमच्याच घरची होती.

मालक एवढंच म्हणाले, "जाऊन ये. मग बघतो."

बोरगावपर्यंत, प्राध्यापकांच्या घरी, चालत गेलो. मनात सामान बांधून झालं होतं. सरांनी बसायला सांगितलं, मी उभाच राहिलो.

"तू लिहिलंस?"

"चुकून लागलं, सर. मला काढून टाकतील."

त्यांनी प्रूफ पुढे ओढलं. "त्या इतिहासकारानंही हेच केलं. सरदार काय बोलला, त्याला कुठं माहीत होतं? आपलेच शब्द त्याच्या तोंडी घातले. तेव्हाची रीतच तशी."

"मग सरदार खरं काय बोलला?"

"कोण जाणे. त्याच्याकडे लिहून ठेवणारा नव्हता." त्यांनी दोन्ही ओळींवर रेघ मारली. "पण मला त्याचं छापायचंय, तुझं नाही. समजलं? घरी कोण कोण असतं?"

वर्ध्यात हे मला कुणी पहिल्यांदाच विचारलं होतं. "आई," मी म्हणालो. त्यांनी चिठ्ठी लिहून दिली. मी वाटेत ती उघडली. 'माझ्या हस्तलिखितातील गोंधळामुळे चूक झाली. जुळाऱ्याचा दोष नाही.' त्यांचं हस्तलिखित इतकं स्वच्छ होतं, की त्यात गोंधळ म्हणून सापडला नसता.

मालकांनी चिठ्ठी वाचली, घडी घातली. "लाव मग परत."

"वाचला लेका," काका पुटपुटले.

दोन ओळी काढल्या की खालचं सगळं वर सरकतं, पानामागून पान. संध्याकाळपर्यंत मी तेच करत होतो.