छत्तीस आठवड्यांचे महिने

“चार हप्त्यांचा महिना एकटा फेब्रुवारीचा, अन् तोबी दरसाल नाही,” असं तारामती एकदा म्हणाली होती.

आठवड्याला ती हैदराबादी रिवाजाने हप्ता म्हणे. नारायणगुड्यातल्या एका लहानशा बाळंतपणाच्या दवाखान्यात ती आया होती. चौऱ्याहत्तर साली लागली तेव्हा दवाखान्यात सहा खाटा होत्या आणि आठवडे नव्हते. बायका यायच्या, कितवा विचारलं की सातवा सांगायच्या, आठवा सांगायच्या. चुकलंच तर पाच-दहा दिवसांनी चुकायचं. मग त्र्याण्णव साली परदेशी सोनोग्राफीचं मशीन आलं. त्यासाठी मधली भिंत पाडली, थंड हवेचं यंत्र बसवलं, आणि त्या मशीनच्या कागदावर पहिल्यांदा आठवडे छापून आले. बावीस आठवडे तीन दिवस. एकतीस आठवडे पाच दिवस. बायका कागद घेऊन बाहेरच्या बाकावर बसायच्या आणि तारामती फरशी पुसत जवळ आली की हळूच विचारायच्या, “मावशी, हे किती झाले?”

ती भालकीजवळच्या एका खेड्यातली. बापाची जोंधळ्याची शेती, मराठी चौथीपर्यंत शाळा. हिम्मतरावांशी लग्न होऊन हैदराबादेत आली. हिम्मतराव कुकटपल्लीच्या एका कारखान्यात फिटर होते. त्यांच्या घरात तेलाचा डबा सात हप्ते पुरे. तेल आणायला बेगम बाजारला पुन्हा कधी जायचं हे त्यांनी विचारलं की ती भिंतीकडे न बघता सांगे, दीड महिना अन् वर चार दिवस. “आमच्याकडे पंचांग विकत घ्यावं लागत नाही,” हिम्मतराव पाहुण्यांना सांगत, “फक्त त्याला वेळेवर चहा द्यावा लागतो.”

ही काही जादू नव्हती. ती आठवडे मोजतच नसे. ती कॅलेंडरची पानं मोजे. शेवटच्या पाळीच्या तारखेवर बोट ठेवायचं, त्याच तारखेवर नऊ पानं पुढे जायचं, वर सात दिवस धरायचे. मोठ्या मॅडम, म्हणजे दवाखान्याच्या डॉक्टरीणबाई, तिच्या हिशेबाला हसत. पण गर्दीच्या दिवशी बाहेरच्या बाकावरचं समजावणं तिच्यावरच सोपवून देत.

बाकावर तिने बरंच निस्तरलं. पॅकिंगच्या कामावर जाणाऱ्या रेणूला बारा आठवड्यांची रजा मिळाली; रेणूने ती तीन महिने धरली आणि सात दिवस उशिरा कामावर जाऊन बोलणी खाल्ली. तेव्हापासून रजेचा कागद घेऊन आलेल्या प्रत्येकीला तारामती आधी परतायची तारीख हातावर लिहायला लावी. मॅडम बाळंतिणीला सहा आठवडे जपायला सांगत, तर घरातल्या थोरल्या बायका सव्वा महिना झाला की पाण्याची कळशी तिच्या कमरेवर देत. “सव्वा महिन्याच्या वर चार-पाच दिवस आणखी निघतात,” तारामती त्यांना बजावे, “ते तिचे आहेत. ते खाऊ नका.” आयुष्यभर तिने कुणाला काही दिलं असेल तर हेच, चार दिवस, सात दिवस, जे दोन मोजण्यांच्या फटीत पडून जातात आणि कुणाच्या ध्यानातही येत नाहीत.

अठ्ठ्याण्णवच्या सप्टेंबरात ज्योती दवाखान्यात दाखल झाली. पायावर सूज होती, म्हणून मॅडमनी दोन दिवस नजरेखाली ठेवून घेतलं होतं. सूज उतरली, रक्तदाब ठीक होता. ज्योतीला आई नव्हती, म्हणून पुण्याहून तिच्या सासूबाई, इंदुताई, आल्या होत्या. नवरा विजय संगणकातला. दोन हजार साल आलं की जगभरची यंत्रं तारखा चुकणार होती, आणि त्या दुरुस्त करायला त्याची कंपनी त्याला सव्वीस तारखेला अमेरिकेला पाठवत होती. मूल बघूनच जायचं असं घरात ठरलं होतं. पितृपंधरवडा संपला की सोमवारी, एकवीसला, घटस्थापना. त्या दिवशी ऑपरेशन करून घ्यायचं. मॅडम म्हणाल्या होत्या की मी थांबले असते, पण तुमचा आग्रहच असेल तर बघू. संध्याकाळपर्यंत नक्की काय ते सांगा.

चौदा तारखेच्या दुपारी तारामती खोलीत चादर बदलायला गेली. संमतीचा कागद टेबलावर होता आणि विजय खिशात पेन शोधत होता.

“कुठं चाललं बेटा इतक्या घाईनं?” तिने उशी झाडत विचारलं.

“घाई कसली, मावशी? छत्तीस आठवडे झाले. भागिले चार, नऊ महिने. भरलेच की.”

“आणि नऊ महिने नऊ दिवस तेवीसला, बुधवारी होतात,” इंदुताई म्हणाल्या. “आपण सोमवारी करतोय. दोन दिवसांनी काय बिघडतंय?”

तारामतीने उशी खाली ठेवली. मोठ्या माणसांच्या निर्णयात आयाने पडू नये, हे मॅडमनी तिला एकदा नव्हे, तीनदा सांगितलं होतं. तिसऱ्यांदा सांगताना आवाजही चढला होता. ती बाहेर गेली आणि भिंतीवरचं कॅलेंडर खिळ्यासकट काढून घेऊन आली.

“शेवटची तारीख काय तुझी, ज्योती?”

“पाच जानेवारी.”

“घ्या साब. तुमी इंजिनेर. तुमीच मोजा.”

विजय हसला. मग ज्योतीच्या पायाशी बसून त्याने पानं उलटायला सुरुवात केली. पाच फेब्रुवारी, एक. पाच मार्च, दोन. जुलैला सहा झाले तोवर तो हसतच होता. पाच सप्टेंबरवर बोट ठेवून तो म्हणाला, “आठ.” मग पुन्हा जानेवारीवर गेला.

“आठ महिने नऊ दिवस,” तारामती म्हणाली. “नऊ पानं अन् सात दिवस, म्हणजे बारा ऑक्टोबर. येत्या सोमवारी काढलं तर तीन हप्ते आधी काढलं.”

“पण छत्तीस भागिले...” तो थांबला. “प्रत्येक महिन्यात दोन-तीन दिवस उरतात.”

“हौ. ते उरलेलेच बाळाचे आहेत.”

“मागं आमच्या शेजारणीचं आठव्यात झालं,” इंदुताई म्हणाल्या, “घोड्यासारखा धावतोय मुलगा.”

“धावतो ना. ज्यांचे धावत नाहीत, त्यांच्या शेजारणी सांगत फिरत नाहीत, ताई. अडचण असती तर मीच म्हटलं असतं, आजच करा. पण बाई ठीक आहे, बाळ ठीक आहे. मग कायकू?”

इंदुताईंनी पदराने चष्मा पुसला आणि पुन्हा लावलाच नाही.

“तुम्हाला वाटत असेल, म्हातारीला मुहूर्ताचं वेड आहे,” त्या म्हणाल्या. “तसं नाही हो. हा विजय झाला तेव्हा ह्याचे वडील आसामात बदलीवर होते. आले तेव्हा हा अकरा महिन्यांचा. त्यांना बघून दोन दिवस रडला. तेही बिचारे गॅलरीत जाऊन बसायचे. आणि खरं सांगू, आजही ते दोघं एका खोलीत फार वेळ बसत नाहीत. पेपर वाचून झाला की एक जण उठतो.”

“आई, हे काय आता,” विजय म्हणाला.

“खोटं आहे का?”

तारामतीला वाटलं, आपण ह्यांच्या हातातून काहीतरी काढून घेतलं आहे. तीन आठवडे बाळाला दिले, ते कुणाच्या तरी वाट्यातूनच दिले. इतकी वर्षं ती फटीतले दिवस वाटत आली होती. ते कुठून येतात हे तिने कधी विचारलं नव्हतं.

ज्योती उशीला टेकून उठून बसली. “विजय, मॅडमना सांगून ये. नको सोमवार.”

“तू विचार केलास?”

“तू मोजलंस ना आत्ता. मला पुन्हा मोजायला लावू नकोस.”

विजयने कागदाची घडी घातली, ती खिशात ठेवली आणि तसाच बसून राहिला. इंदुताईंनी हात पुढे करून सुनेच्या पायावरची चादर नीट केली. बराच वेळ त्या ती चादर नीट करत होत्या.

“तिकडचं काम किती दिवसांचं?” तारामतीने विचारलं.

“सव्वीस आठवडे. साडेसहा महिने.”

“पुन्हा भागिले चार? सहाच. सत्तावीस मार्चला सुटाल. पंधरा दिवस तुमचे तुमीच वाढवून ठेवले होते.”

तो पहिल्यांदा मनापासून हसला. “मग बाळ केवढं असेल?”

“साडेपाच महिन्यांचं. पालथं पडत असेल. बोट दिलं तर धरून ठेवील. बसायला मात्र यायचं नाही, तेवढं तुमच्यापुढंच करील.”

विजय हे सगळं परीक्षेच्या आधी ऐकावं तसं ऐकत होता. त्याने कॅलेंडरची मार्चपर्यंतची पानं शोधली. ती त्यात नव्हती, कॅलेंडर डिसेंबरला संपत होतं. शेवटच्या पानावर हात ठेवून त्याने मान वर केली. आईकडे न बघता, ज्योतीकडेही न बघता त्याने विचारलं, “मावशी, मी येईन तेव्हा ते मला ओळखेल?”

इंदुताईंनीही तिच्याकडे बघितलं. हे पानं मोजून सांगता येण्यासारखं नव्हतं. तारामतीने त्याच्या हातातून कॅलेंडर हळूच सोडवून घेतलं, जुनी चादर गोळा करून काखेत मारली, आणि ती बाहेर निघून गेली.