कोपर सरळ होईना

प्लास्टर कापून काढलं आणि मला माझ्याच हाताची लाज वाटली. श्रावणातल्या एका शनिवारी जामसरला आत्याकडे जाताना जीपमधून उतरले, शेवाळलेल्या दगडावरून पाय सटकला आणि सगळा भार उजव्या तळहातावर आला. कोपराजवळच्या हाडाला चीर गेली. तीन आठवड्यांत ती भरून आली, पण प्लास्टरमधून निघालेला हात माझा वाटेना. दंड निम्म्यावर आला होता, कातडीची सालं निघत होती आणि कोपर काटकोनापेक्षा जेमतेम थोडं उघडत होतं.

मी मोखाड्याच्या एका शाळेत विज्ञान शिकवते. स्नायूंचा धडा मला पाठ आहे. फळ्यावर हाताची आकृती काढायची, पुढचा स्नायू, मागचा स्नायू, एक आखडला की दुसरा सैल होतो हे दाखवायचं आणि वर्गाला आपापला दंड चाचपायला लावायचा. त्या दिवशी जव्हारच्या दवाखान्यात मी माझा दंड चाचपला, तर बोटांखाली टणक असं काही लागेचना.

तिथली फिजिओथेरपिस्ट तिशीतली, मोजकं बोलणारी होती. तिनं माझा हात उशीवर ठेवला आणि कोपर हलकेच उघडून पाहिलं.

"हाडाचं काम झालं, मॅडम. आता स्नायूंचं राहिलंय."

"किती दिवस?"

"दीडदोन महिने. थोडे जास्तही लागतील."

"मला सोमवारपासून फळ्यावर लिहायचंय."

ती हसली नाही. "स्नायू ढकलत नाही, फक्त ओढतो, हे तुम्हीच शिकवत असाल. हात सरळ करायचा म्हणजे मागच्यानं ओढायचं आणि पुढच्यानं सोडायचं. तुमचा मागचा दुबळा झालाय आणि पुढचा सोडायला तयार नाही. बाहेरून जोर लावलात तर तो आणखी आवळेल. मालिश नको, ओढाताण नको. दिवसातून चार वेळा, हाताच्या स्वतःच्या ताकदीनं जाईल तेवढंच."

चार वेळांवर माझं कसलं भागतंय. मी जीपमध्ये करायची, शिक्षकांच्या खोलीत वह्या तपासताना करायची, चहा उकळेपर्यंत ओट्याशी उभी राहून करायची. दर वेळी भिंतीला हात लावून बघायचं, कालच्यापेक्षा पुढे गेला का. डाव्या हातानं फळ्यावर लिहिलेली अक्षरं पोरांना वाचता येत नव्हती. ती बिचारी तोंडावर न हसता वहीत बघत. मला बसवत नव्हतं, वाचवत नव्हतं. आठ दिवसांनी मी पुन्हा जामसर गाठलं.

आत्या पाड्यातल्या लोकांचे मुरगळलेले पाय, धरलेली पाठ चोळून देते. लांबून माणसं येतात. मी गेले तेव्हा ती पाट्यावर मिरची वाटत होती. साठी उलटलेली बाई, हात काटकीसारखे. पण वरवंटा पुढे गेला की दंडाच्या मागचा स्नायू ताठ व्हायचा, मागे आला की पुढचा फुगायचा. कसली घाई नाही, कुठे अडकणं नाही. मला तिचा हेवा वाटला.

"आत्या, हे कोपर चोळून दे."

तिनं वरवंटा थांबवला, हात धुतले, माझा हात बघितला आणि परत माझ्या मांडीवर ठेवला.

"नाय बाय. कोपराला मी हात लावत नाय."

"का?"

"आधी लावायची. एक बाय आलेली, झाडावरून पडलेली. तिचं कोपर आठ दिस गरम तेलानं चोळलं. रोज वाटायचं, आज सुटंल. तं आवळतच गेलं. अजून तिला त्या हातानं घास तोंडात घालता येत नाय." ती पुन्हा पाट्याकडे वळली. "पाय सांग, पाठ सांग. कोपर नाय."

दोन बायकांनी, एकीनं शिकून आणि एकीनं पोळून, मला एकच गोष्ट सांगितली होती. तरी दुसऱ्या दिवशी दुपारी मोखाड्याच्या खोलीवर मी बादली अर्धी भरली, खाटेवर आडवी झाले, हात कडेबाहेर काढला आणि बादलीची कडी बोटांत अडकवली. डोळ्यांसमोर अंधारी आली, पण कोपर उघडलं. मी दात आवळून शंभरपर्यंत मोजलं. उठले तेव्हा मला जिंकल्यासारखं वाटत होतं.

सोमवारी सकाळी कोपर सुजून गरम झालं होतं. ते उघडेनाही आणि मिटेनाही. केस विंचरता येईनात. पहिली जीप धरून जव्हारला गेले.

"काय केलंत?" फिजिओथेरपिस्टनं विचारलं.

"बादली लटकवली."

तिनं हात उशीवर घेऊन सूज पाहिली. मग डॉक्टरांना दाखवून आणून तिनं मला समोर बसवलं. "आत स्नायू फाटला असेल तर तिथे रक्त साकळतं. कधीकधी त्या जागी हाड धरतं. मग कोपर कायमचं अडकतं. झालंय का ते आज कळणार नाही. तीन आठवड्यांनी एक्स-रे काढू. आठ दिवस कोपर हलवायचं नाही."

"मग मी करू काय?"

"हात आहे तसा ठेवून, दुखणार नाही इतपत, नुसता स्नायू आवळा. दहा मोजा आणि सोडा. सांधा न हलताही स्नायूचं काम होतं. आणि सोडताना घाई करू नका."

ते तीन आठवडे मी कसे काढले, मलाच माहीत. वर्गात शिकवताना मधेच वाटायचं, आत हाड वाढतंय. दंड दाबून बघायचा मोह व्हायचा, की मी डावा हात पाठीमागे नेऊन उभी राहायची. आवळायचं, मोजायचं, सोडायचं. सोडणंच मला जमत नव्हतं. दहा झाले तरी दंड ताणलेलाच असायचा, खांदा कानाशी चढलेला. पंधराएक दिवसांनी एकदा, मुलांची परीक्षा चालू असताना, तो आपोआप ढिला पडला आणि सगळा हात जड होऊन टेबलावर टेकला. मी पुढचं मोजायचंच विसरले.

एक्स-रे स्वच्छ निघाला. फिजिओथेरपिस्टनं तो खिडकीकडे धरून दोनदा पाहिला, तेव्हा मला कळलं की तिलाही धास्ती होती.

नागली, म्हणजे नाचणी, कापणीला आली तोवर कोपर बरंच उघडू लागलं होतं. मी आत्याकडे गेले होते. तिनं माझ्या हाती विळा दिला, पण ओळ छोटी दिली. दोन तास कणसं कापली. दुसऱ्या दिवशी दंड मागूनपुढून ठणकत होता, पण कोपर गार होतं. हा ठणका कामाचा होता. फोनवर सांगितलं तेव्हा फिजिओथेरपिस्ट म्हणाली, "चांगलंय. उद्या सुट्टी द्या त्याला."

हात पूर्ण सरळ झालेला नाही. शेवटचं थोडंसं उरलंय आणि ते बहुतेक उरणारच. फळ्याच्या वरच्या कोपऱ्यात लिहायचं तर मी आता एक पाऊल पुढे सरकते.